दोन सेकंदांचा शॉट

"ताई, ह्यात नवरदेवाकडचे कोन आन् नवरीकडचे कोन?"

माझ्या पहिल्या माहितीपटाबद्दल नजीरभाईंनी मला विचारलेला हा पहिला प्रश्न. ऊस तोडायला जाणाऱ्या बायांवर मी चाळीस तासांचं चित्रीकरण करून आणलं होतं. पुण्यात दोन वर्षं शिकून आले होते, त्यामुळे तोंडात मोठे मोठे शब्द होते, आणि समोर बसलेला माणूस लग्नाच्या कॅसेटी जोडणारा. मी फणकाऱ्यानेच म्हणाले, "हे लग्न नाहीये."

"ते दिसायलंय मला. पर दोन बाजू तर असतीलच की. कोन कुनाकडचं हे कळल्याबिगर कुनाला कुनाशेजारी बसवू मी?"

माझ्यापुढे दुसरा पर्याय नव्हता. पुण्याचा माझा संकलक निम्म्यातच एका मालिकेवर निघून गेला होता, आणि आमचा कॅमेरामन म्हणाला होता की धारूरला एक मिक्सिंगवाले आहेत, हात बरा आहे. लग्नाच्या व्हिडिओचं संकलन म्हणजे आमच्याकडे मिक्सिंग. सायकल दुरुस्तीच्या दुकानावरच्या माडीत 'नूर व्हिडिओ मिक्सिंग' अशी पाटी होती आणि पाटीवर दोन्ही बाजूंना मोर होते. मोर पाहूनच मी परत फिरणार होते.

मग मी मुकाट्याने सांगत गेले. मुकादम, त्याचा भाऊ, कारखान्याचा माणूस एकीकडचे. नांदूरघाटाजवळच्या वस्तीवरच्या बाया दुसरीकडच्या. नजीरभाईंनी एका जुन्या लग्नपत्रिकेच्या पाठीमागे दोन रकाने आखून सगळ्यांची नावं लिहिली. त्यांच्याकडे लिहायला पत्रिकांच्या पाठीच असायच्या, वही मी कधी पाहिली नाही. नावं लिहून झाल्यावर ते म्हणाले, "आता मामा कोन ते सांगा."

"मामा?"

"परतेक कॅसेटीत एक मामा असतो. त्यो कटला की लोकं कॅसेट परत आनून टाकतेत. तुमच्यात कोन हाय?"

मी विचार केला आणि म्हणाले, प्रयागबाई. पन्नाशीची, सडपातळ, आवाज मोठा. आजारपणामुळे ऊस तोडायला जाता आलं नाही की त्या दिवसाचा दंड धरतात, त्याला खाडा म्हणतात. बाईच्या दुखण्याच्या दिवसाचा खाडा मुकादमाने धरायचा नाही, नाहीतर आम्ही कुणीच त्याच्या टोळीत जाणार नाही, असं वस्तीतल्या बायांना एकत्र करून ठरवून घेणारी ती बाई. माझी फिल्म तिच्यावरच उभी होती. नजीरभाईंनी तिच्या नावाभोवती गोल काढला. माझ्या पुण्याच्या संकलकाने तीन महिन्यांत जे विचारलं नव्हतं, ते या माणसाने दहा मिनिटांत विचारलं, हे मला नंतर कळलं. तेव्हा मी फक्त चहा संपवला.

ते कामाला बसताना आधी मनगटावरचं घड्याळ काढून खिडकीत ठेवायचे. शॉट किती लांबीचा असावा हे काट्यावर ठरत नाही म्हणायचे. त्यांच्या वडिलांचा सीताफळांचा धंदा होता. बालाघाटाच्या डोंगरातून भरलेल्या पाट्या, म्हणजे टोपल्या, यायच्या आणि हंगामात सगळं घर फळं निवडायला बसायचं. त्यामुळे नजीरभाईंच्या बोलण्यात सीताफळ सारखं यायचं. एखादा शॉट मी घाईने तोडायला सांगितला की म्हणायचे, "कावून घाई करायलात? डोळा तर उघडू द्या." सीताफळाचे डोळे फाकले, मधल्या रेघा पांढरट झाल्या की ते उतरवायचं असतं. आधी उतरवलं तर ते दगडासारखं राहतं आणि उशीर केला तर पाटीत फुटतं. माणूस बोलून गप्प झाला की त्यानंतर त्याच्या चेहऱ्यावर काहीतरी येतं, ते आलं की तोडायचं. ते न येता तोडला तर शॉट कच्चा. माझ्या हातचे बहुतेक शॉट कच्चे होते.

दुसरी सवय पहिल्या दिवशी मला उद्धटपणाची वाटली. जोडणी झाली की ते खुर्ची वळवून पडद्याकडे पाठ करून बसायचे आणि नुसतं ऐकायचे. "तोंड बघितलं की मन फसतं, ताई. पाठ करून बसलं की खोटा सांधा बरोबर कळतो." अशी पाठ करून ते चाळीस चाळीस मिनिटं बसलेले मी पाहिले आहेत. मध्येच बोट वर करायचे. तिथे हमखास काहीतरी चुकलेलं असायचं.

पण लग्नाच्या कॅसेटीतली त्यांची सगळ्यात मोठी कला वेगळी होती, आणि तिचा त्यांना अभिमान होता. ती म्हणजे उसन्या चेहऱ्यांची. धारूरच्या एका किराणा दुकानदाराच्या, अप्पांच्या, मुलीचं लग्न होतं. नवरीची आत्या कसल्याशा मानापानावरून रुसलेली. अक्षता पडताना ती खांबाला टेकून, तोंड वाकडं करून उभी. अख्ख्या लग्नात हसलेली नाही. नजीरभाईंनी काय करावं? आदल्या दिवशीच्या हळदीत कुणीतरी घसरलं होतं आणि आत्या खळखळून हसली होती. ते हसू त्यांनी उचललं आणि अक्षतांच्या क्षणाला लावून दिलं. पाठीमागचा रंग जरा वेगळा होता, त्यावर फुलं सोडली. कॅसेट बघून अप्पांच्या डोळ्यांत पाणी आलं. अक्षता पडल्या तेव्हा आपल्या बहिणीचा, अक्काचा, राग गेला होता, हे त्यांना कॅसेटीतून कळलं. दोन्ही घरं परत बोलायला लागली.

"लग्नात समदेच थोडंथोडं खोटं हासत असतेत," नजीरभाई मला म्हणाले होते. "आपुन निस्तं जाग्यावर नेऊन ठेवतो."

मी हसले होते. हा किस्सा मी पुण्याच्या मित्रांनाही रंगवून सांगितला होता.

आमच्या फिल्ममध्ये मुकादमाची मुलाखत होती. तो पारावर पाच-सहा बायांसमोर बसून बोलत होता, आणि मधे त्याला जोराचा ठसका लागला. ठसका काढला तर चित्र झटका खात होतं. असा झटका झाकायला मधे दुसऱ्या कुणाचा तरी ऐकतानाचा चेहरा टाकतात. ही सगळीकडचीच रीत आहे, पुण्यातही हेच शिकवतात. नजीरभाईंनी हाताशी असलेल्या चेहऱ्यांतून प्रयागबाईंचा घेतला. त्याच पारावरचा, त्याच दिवसाचा, त्याच उन्हातला. दोन सेकंदांचा शॉट. प्रयागबाई समोर बघते आहे आणि मान हलवते आहे.

त्यांनी मला तो दाखवला. मी म्हणाले, "मस्त बसलाय."

आणि तो बसला तो मुकादमाच्या या वाक्यावर: "खाडा रीतीनं धरावाच लागतो, हे आमच्या बायांनाबी पटतंय."

आम्ही दोघांनी ते वाक्य त्या आठवड्यात तीसेक वेळा तरी ऐकलं असेल. नजीरभाई पाठ करून बसले तेव्हाही त्यांचं बोट वर गेलं नाही, कारण आवाजात सांधा नव्हताच. मुकादमाचा आवाज अखंड होता. आम्ही दोघं ठसका गेला म्हणून खूश होतो.

फिल्म मी सगळ्यात आधी वस्तीवरच दाखवली, याचं मला फार भूषण होतं. उन्हाळ्यातली दुपार, शाळेची खोली, खिडक्यांना सतरंज्या. संपल्यावर बाया गप्प होत्या. मला वाटलं, भारावल्यात. मी दुसऱ्या दिवशी पुण्याला गेले आणि फिल्म इकडेतिकडे पाठवायच्या मागे लागले.

चार महिन्यांनी, दसऱ्याच्या आधी, प्रयागबाईंना फोटो द्यायला गेले. त्या दारातून बाजूला झाल्या नाहीत. फोटो घेतला, बघितला नाही.

"म्या कवा मान हालविली, बाई?" त्या म्हणाल्या. "म्या कवा म्हनलं खाडा धरा म्हून?"

मग हळूहळू सगळं कळलं. प्रयागबाई मुकादमाला आतून सामील आहे, बायांना पुढे करून स्वतःचं जमवून घेतलंय, असं वस्तीत पक्कं झालं होतं. सगळ्यात मोठ्याने बोलणारी तिचीच जाऊ, रुक्मिणबाई. टँकर आला की प्रयागबाईंच्या घागरी कुणीतरी रांगेत मागे सरकवून ठेवायचं. दसऱ्यानंतर टोळ्या निघायच्या होत्या, आणि प्रयागबाईंबरोबर एका टोळीत जायला एकही बाई तयार नव्हती. प्रयागबाईंनी शपथा घेतल्या, पण पडद्यावर सगळ्यांनी बघितलं होतं.

मी धारूर गाठलं. वाटेत जीपमध्ये मला नजीरभाईंचा भयंकर राग येत होता, तोही मी सोयीनेच आणला होता. मी सांगितलं आणि त्यांनी मूळ चित्रीकरण उघडलं. प्रयागबाई पारावर बसलेली. मुकादम अजून आलेलाही नव्हता. लांबून एका बाईचा आवाज येतो, "टँकर आला का गं?" आणि प्रयागबाई मान हलवते. आला.

नजीरभाईंनी हात मांडीवर घेतले. "ही मान हितली न्हाईच की," ते म्हणाले.

मी म्हणाले, शॉट काढून टाकू, नवी प्रत पाठवू. ते म्हणाले, "काडला तर काय व्हतंय? बघितलेल्यांनी बघितलंय. मलाच जावं लागंल."

दोन दिवसांनी ते वस्तीवर आले. सगळा संगणक गोधड्यांत गुंडाळून जीपमध्ये मांडीवर धरून आणला होता. तीच शाळा, त्याच सतरंज्या. शाळेच्या मास्तरांनी सगळ्यांना बोलावून आणलं, प्रयागबाई दाराशी बसल्या. मी मागच्या भिंतीला टेकून उभी होते.

"मी नजीर, धारूरचा," ते उभे राहून म्हणाले. "कॅसेटी जोडतो. तुमच्या प्रयागबाईंचा शॉट मी भलतीकडं लावला. चूक माझी हाय. ताईंची न्हाई, कॅमेऱ्याची न्हाई. कशी केली ते बघा."

मी तोंड उघडायला हवं होतं. उघडलं नाही.

त्यांनी आधी मुकादमाचं बोलणं ठसक्यासकट दाखवलं. मग टँकरची हाक आणि मान. मग सगळ्यांसमोर एक कापलं, दुसऱ्यात घातलं, आणि पुन्हा चालवलं. खोलीत चुळबूळ झाली, पण रुक्मिणबाई म्हणाल्या, "मशिनीत काय बी दावतेत. मान तर तिचीच हाय ना?"

नजीरभाईंना बहुधा हे अपेक्षित होतं. ते म्हणाले, "बरं, आता ही बघा." मुकादम म्हणाला, खाडा धरावाच लागतो हे बायांनाबी पटतंय, आणि पडद्यावर रुक्मिणबाई आल्या. डोळे मिटून, मान डोलावत, दोन्ही हातांनी दाद देत. मुकादमाशी इतकं मनापासून सहमत झालेलं माणूस मी पाहिलं नव्हतं.

"आगं बया! म्या भजनात व्हते की!" रुक्मिणबाई ओरडल्या.

खोली हसून हसून आडवी झाली. मग हसू थांबलं आणि सगळ्यांच्या माना एकेक करून दाराकडे, प्रयागबाईंकडे वळल्या. रुक्मिणबाई उठून तिच्याजवळ जाऊन बसल्या. नुसत्या टेकून बसल्या.

प्रयागबाई मात्र हसल्या नव्हत्या. नजीरभाई वायरी गुंडाळायला लागले तेव्हा त्या म्हणाल्या, "ते समदं खरं, भाई. पर चार म्हैने माज्याशी कुनी बोललं न्हाई, ते कुठं जोडताल?"

नजीरभाई गोधडीची गाठ मारत राहिले.

त्या साली बाया एकत्रच टोळीत गेल्या. मुकादमाने दुखण्याच्या दिवसांपैकी दोन दिवसांचा खाडा सोडला. फार नाही, पण ती चार माणसांसमोर कबूल केलेली गोष्ट होती. नजीरभाई दर दसऱ्याला, टोळी निघायच्या आधी, पाटीभर सीताफळं घेऊन वस्तीवर जायला लागले. प्रयागबाई घ्यायच्या की नाही, मला माहीत नव्हतं. मी विचारलं नाही.

धारूरमध्ये मात्र भलतंच झालं. मास्तरांनी हा किस्सा चार ठिकाणी सांगितला, आणि कॅसेटीत चेहरे इकडचे तिकडे करता येतात हे गावाला कळलं. एका सकाळी किराणावाले अप्पा माडी चढून आले. मी तिथेच होते. आत्या तोवर वारल्या होत्या.

"नजीर, आमच्या अक्काचं अक्षताचं हसू खरं हाय का मिक्सिंगचं?"

नजीरभाई एक शब्द खोटा बोलले असते तर भागलं असतं. मी डोळ्यांनी त्यांना तसं खुणावलंही.

"हळदीचं हाय, अप्पा," नजीरभाई म्हणाले.

अप्पा तसेच जिना उतरून गेले. त्यांच्या घरच्या पुढच्या लग्नाचं काम आष्टीच्या कुणाला तरी दिलं. हळूहळू बाकीच्यांनीही पाठ फिरवली, कारण लग्नाच्या कॅसेटीत खऱ्याचं कुणाला काय करायचंय? मी चिडून म्हणाले, कशाला सांगितलंत, त्या म्हाताऱ्याचं एवढंसं सुख होतं. नजीरभाई म्हणाले, "त्यांनी इचारलं की, ताई. इचारल्यावर कसं?"

त्यानंतर त्यांच्याकडे माहितीपटांचीच कामं राहिली, आधी माझी, मग पुण्या-औरंगाबादच्या इतरांची. त्या पोरांना नजीरभाईंचा एक नियम पाठ झाला होता. कुणाचाही ऐकतानाचा, हसतानाचा, मान हलवतानाचा शॉट आला की ते पत्रिकेच्या पाठीवर त्याचा आकडा लिहायचे आणि पुढे एकच शब्द: कुणाला? हे हसू कुणाला होतं, ही मान कुणाला हलवली. उत्तर सापडलं तर शॉट वापरायचा, तोही त्याच माणसासमोर. सापडलं नाही तर कितीही सुंदर असो, वापरायचा नाही. एकदा एका दिग्दर्शकाने हुज्जत घातली की इतकं कोण बघतं. नजीरभाई म्हणाले, "वस्तीवरचे बघतेत." आणि चहा मागवला.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते गेल्या हिवाळ्यात. अर्धांगाचा झटका येऊन गेला होता, उजवा हात आणि वाचा गेली होती. खिडकीशी खाटेवर उशीला टेकून बसवलेलं होतं. खिडकीत घड्याळ होतं, आता ते कायमचं मनगटावरून उतरलेलं. मी इकडचं तिकडचं बोलले. मग जे बोलायला गेले होते ते बोलले.

"नजीरभाई, तो शॉट तुम्ही मला दाखवला होता. मस्त बसलाय, असं मीच म्हणाले होते. वस्तीवर तुम्ही सगळं अंगावर घेतलंत आणि मी भिंतीला टेकून गप्प राहिले. आता प्रयागबाईंना जाऊन सांगू का?"

नेमकं त्याच वेळी आतून त्यांच्या बायकोने, भाभींनी, विचारलं, "अजी, चाय पीते क्या?"

नजीरभाईंनी मान हलवली. एकदाच, सावकाश, होकाराची.

ते माझ्याकडे बघत नव्हते आणि स्वयंपाकघराकडेही नाही. खिडकीबाहेर बघत होते. भाभी दोन कप घेऊन आल्या, म्हणजे त्यांनी ती मान आपली समजली, आणि त्यांचा तो हक्कच होता. त्यांनी बशीत ओतलेला चहा नजीरभाई डाव्या हाताने, थोडा सांडत, प्यायले. मी पुन्हा विचारलं नाही. नजीरभाईंनीच मला परवानगी दिली असं लिहून मोकळं होता आलं असतं. त्यासाठी फक्त भाभींचा आवाज काढून टाकावा लागला असता.

दुसऱ्या दिवशी मी नांदूरघाटाच्या रस्त्याला लागले. प्रयागबाई आता ऊसतोडीला जात नाहीत, गुडघे गेलेत. अंगणात शेंगा फोडत बसल्या होत्या. मी सगळं सांगितलं, पहिल्यापासून. त्यांचे हात थांबले नाहीत.

"ठावं हाय मला," त्या म्हणाल्या.

"नजीरभाईंनी सांगितलं?"

"त्यांनी? न्हाई. दसऱ्याला यायचे ना, तवा म्या एकदा इचारलं. म्हनलं, भाई, ते चित्तर बाईनं आदी बघितलं न्हवतं का? तर म्हनले, न्हाई, त्यांना काईच ठाऊक न्हवतं." त्यांनी एक शेंग फोडली. "आन् माज्याकडं पाठ करून बसले बघा. लई येळ तसेच बसले. तवाच कळलं मला."

मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही. विचारल्यावर खोटं कसं बोलायचं म्हणणाऱ्या माणसाने आयुष्यात एक खोटा सांधा माझ्यासाठी लावला होता, आणि तो त्याला नीट लावताही आला नव्हता.

प्रयागबाईंनी सूप बाजूला ठेवलं आणि गुडघ्यावर हात टेकून उठल्या.

"चा घेता का?" त्यांनी विचारलं.

मान हलवायच्या आधी मी थांबले, आणि तोंडाने 'हो' म्हणाले.